सहीपाशी अडलेला खटला : प्रस्तावना

‘हस्ताक्षर तज्ज्ञांचा अहवाल अप्राप्त, सबब प्रकरण तहकूब.’ कोर्टाच्या रोजनाम्यात अशा अर्थाची ओळ इतक्या वेळा येते की नवा वकील ती न वाचताच पान उलटतो. या विषयाकडे वळणाऱ्या वाचकाने नेमके त्या ओळीपाशी थांबावे, अशी माझी विनंती आहे. सहीची तुलना प्रयोगशाळेत शिकायची आणि विलंबाची चर्चा विधी महाविद्यालयात करायची, अशी आपल्याकडे वाटणी झाली आहे. मला ती मान्य नाही. हा एकच विषय आहे.

कागदावर माणसाची खूण उमटवण्याची रीत आपल्याकडे जुनी. वतनाच्या कागदांवर अक्षरओळख नसलेला कुणबी नावापुढे नांगर काढी, ‘निशाणी नांगर’. खूण पारखण्याचे सरकारी काम मात्र नंतरचे. १९०४ मध्ये कलकत्त्यात सरकारी हस्ताक्षर तज्ज्ञाचे पद निर्माण झाले ते स्वातंत्र्य चळवळीतील गुप्त कागदांच्या तपासासाठी. दोन वर्षांनी ते काम सिमल्याला गेले.

नवशिक्याची नजर अक्षराच्या आकारावर जाते. मुरलेला परीक्षक आधी हाताची गती पाहतो. सवयीने केलेल्या सहीत पेन कागदाला टेकण्याआधीच चालू लागलेले असते, म्हणून रेघेची टोके निमुळती उतरतात. नमुना पुढे ठेवून सही उतरवणाऱ्याचा हात अडखळत जातो. टोके बोथट होतात, वेलांटीच्या वळणावर बारीक कंप दिसतो, मध्येच पेन उचलून पुन्हा टेकवल्याची खूण राहते. देवनागरी सहीत शिरोरेषा एका दमात ओढली आहे का, रफार कुठून वळतो, हेही पाहायचे. आणि दोन सह्या एकमेकींवर तंतोतंत बसल्या तर आधी संशय घ्यायचा, कारण कोणताही माणूस दोनदा अगदी एकसारखी सही करत नाही. यातले पुष्कळसे झेरॉक्सवर दिसत नाही. मूळ कागदच हवा.

कायदा थोडक्यात असा. भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ३९ खाली तज्ज्ञाचे मत येते, ४१ खाली अक्षर ओळखणाऱ्या माणसाचे, आणि ७२ खाली न्यायालय स्वतः तुलना करू शकते. जुन्या कायद्यात हीच कलमे ४५, ४७ आणि ७३ होती. तज्ज्ञाच्या मताला पुष्टी हवीच असा काही नियम नाही, मात्र ते सावधपणे तपासावे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८० च्या मुरारीलाल निकालात सांगितले.

आता विलंब. न वटलेल्या चेकचा खटला सहा महिन्यांत संपवण्याचा प्रयत्न व्हावा, असे कायदा म्हणतो. २०१९ अखेर देशात असे ३५ लाखांहून अधिक खटले पडून होते. आरोपी म्हणतो, सही माझी नाही. हेतू वेळकाढूपणाचा नसेल तर त्याला तज्ज्ञाकडे जाण्याची संधी द्यावी, असे कल्याणी भास्कर प्रकरणात २००६ मध्ये ठरले, आणि ते योग्यच आहे. खोट्या सहीवर कोणाला शिक्षा होणे याहून वाईट काय? पण अर्ज मंजूर झाल्यावर काय होते पाहा. आरोपीकडून कोर्टात दहा-बारा सह्या करून घेतात. चेक सात वर्षांपूर्वीचा. तेव्हाचा हात आणि आजचा हात वेगळा, शिवाय काही जण मुद्दाम वेगळी सही करतात. प्रयोगशाळेतून कागद परत येतो : चेकच्याच काळातल्या कबूल सह्या पाठवा. मग बँकेला पत्र, पत्राला स्मरणपत्र, पुढची तारीख.

प्रयोगशाळांवर ताण आहेच, तरी हा वेळ भिंगाखाली गेलेला नाही. तो नमुने गोळा करण्यात गेला. बँकेतल्या नमुना सहीची प्रमाणित प्रत आरोपीला मिळवता आली असती, असे सर्वोच्च न्यायालयानेच २०२४ मध्ये अजितसिंह राठोड प्रकरणात म्हटले. ती प्रत, वादातल्या चेकच्याच वर्षीचे वटलेले चेक, एखादा नोंदणीकृत दस्त यांची मागणी तज्ज्ञाच्या अर्जासोबतच, पहिल्याच दिवशी व्हायला हवी.

या अभ्यासात येणाऱ्या प्रत्येकाचे मनापासून स्वागत. भिंग नंतर हातात घेतले तरी चालेल. आधी ओळखीच्या वकिलाकडून सहीवर अडलेला एखादा जुना खटला मागून घ्या आणि त्याचा रोजनामा पहिल्या तारखेपासून शेवटपर्यंत वाचा.