मरे वॉकर : दुचाकीवरून समालोचन कक्षात

'फॉर्म्युला वन' मोटार शर्यतींचा आवाज म्हणून ओळखले गेलेले ब्रिटिश समालोचक मरे वॉकर हे मूळचे मोटारसायकल ट्रायल्स स्पर्धक होते. त्यांचा जन्म १० ऑक्टोबर १९२३ रोजी बर्मिंगहॅम येथे झाला. १३ मार्च २०२१ रोजी, वयाच्या ९७ व्या वर्षी, त्यांचे निधन झाले.

ट्रायल्स म्हणजे काय?

ट्रायल्समध्ये वेगापेक्षा तोलाला महत्त्व असते. खडक, चिखल, ओढे अशा अवघड टप्प्यांतून पाय जमिनीला न टेकवता दुचाकी पार न्यावी लागते. पाय टेकला की दंडाचे गुण चढतात. स्कॉटलंडमधील सहा दिवसांची ट्रायल ही या खेळातील मानाची स्पर्धा. तेथे वॉकर यांनी प्रथम श्रेणीचे पारितोषिक मिळवले. आंतरराष्ट्रीय सहा दिवसीय ट्रायलमध्ये ते सुवर्णपदकाचे मानकरी ठरले.

वडिलांचा वारसा

वडील ग्रॅहम वॉकर हे नामवंत मोटारसायकल शर्यतपटू. १९३१ मध्ये त्यांनी 'आइल ऑफ मॅन टीटी'मधील लाइटवेट गटाची शर्यत जिंकली होती. दुसऱ्या महायुद्धात रणगाडा दलात लढून परतलेल्या मरे यांनीही शर्यतीत नशीब आजमावले. परंतु वडिलांची उंची आपल्याला गाठता येणार नाही, हे त्यांनी वेळीच ओळखले. तो निर्णय त्यांच्या आयुष्याला वळण देणारा ठरला. १९४९ पासून पिता-पुत्रांनी बीबीसीसाठी टीटी शर्यतींचे एकत्र समालोचन केले. १९६२ मध्ये ग्रॅहम यांच्या निधनाने ही जोडी संपली.

जाहिरात आणि समालोचन

वॉकर यांचा चरितार्थ मात्र जाहिरात व्यवसायावर चाले. वयाच्या ५९ व्या वर्षापर्यंत त्यांनी तो सोडला नाही. १९७८ पासून बीबीसीने 'फॉर्म्युला वन'चे नियमित प्रक्षेपण सुरू केले आणि त्यांचा आवाज घराघरांत पोहोचला. माजी विश्वविजेते जेम्स हंट हे १९९३ पर्यंत त्यांचे सहसमालोचक होते. दोघांना एकच मायक्रोफोन दिला जाई, म्हणजे एकाच वेळी दोघे बोलणार नाहीत.

उत्साहाच्या भरात त्यांच्या तोंडून चुका होत. आपण चुका करीत नाही, भाकिते करतो आणि ती तत्काळ खोटी ठरतात, असे ते विनोदाने म्हणत.

कसोटीचे क्षण

१ मे १९९४ रोजी इमोला येथे आयर्टन सेना यांचा प्राणघातक अपघात झाला, तेव्हा थेट प्रक्षेपणात वॉकर बोलत होते. एरवी उसळणारा तो आवाज त्या दिवशी गंभीर झाला. १९९६ मध्ये डेमन हिल विश्वविजेते झाले, तेव्हा गळा दाटून आल्याने त्यांना क्षणभर थांबावे लागले.

१९९६ मध्ये त्यांना 'ओबीई' किताब मिळाला. १९९७ मध्ये ते आयटीव्ही वाहिनीकडे गेले आणि २००१ मध्ये इंडियानापोलिस येथील शर्यतीनंतर 'फॉर्म्युला वन'च्या नियमित समालोचनातून निवृत्त झाले. विजेत्यांच्या यादीत त्यांचे नाव नाही. विजेत्यांच्या आठवणींत मात्र त्यांचा आवाज कायम राहिला.