मानवी प्रमाद व कार्यसंपादनाचे स्तर

योग्य कृती करण्याचा हेतू असूनही ती हातून न घडणे, अथवा योजलेली कृती बिनचूक पार पडूनही मूळ योजनाच अयोग्य असल्याने इष्ट फळ न मिळणे, यास मानवी प्रमाद म्हणतात. जाणूनबुजून केलेले नियमोल्लंघन त्यात मोडत नाही. अपघातानंतर ‘चालकाची चूक’ असा शेरा मारून चौकशी संपविण्याची रीत जुनी आहे. चूक नेमकी कोणत्या जातीची, हा प्रश्न मात्र विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत कामाच्या ठिकाणी क्वचितच विचारला गेला.

मानसशास्त्रात त्याची चर्चा त्यापूर्वी झाली होती. भोजनासाठी कपडे बदलावयास गेलेला विसराळू मनुष्य एकेक वस्त्र उतरवीत अखेर अंथरुणात शिरतो, हे विल्यम जेम्स यांनी १८९० मध्ये सवयीचे विवेचन करताना दिलेले उदाहरण आजही समर्पक आहे. १९०१ मध्ये झीग्मुंट फ्रॉइड यांनी अशा चुकांमागे दडपलेल्या इच्छा असतात, असे प्रतिपादन केले. परंतु यंत्रावरील चुकांच्या अभ्यासास या उपपत्तीचा फारसा उपयोग झाला नाही.

दुसऱ्या महायुद्धात या विषयास निराळे वळण लागले. अमेरिकेची बी-१७ बाँबफेकी विमाने धावपट्टीवर सुखरूप उतरल्यावर वैमानिक पंखांवरील झडपांऐवजी चाकेच आत ओढून घेत. आल्फॉन्स चपॅनिस (१९१७–२००२) यांनी पाहणी केली, तेव्हा दोन्हींच्या कळा शेजारीशेजारी व एकसारख्या असल्याचे आढळले. सी-४७ विमानात त्या दूर असून चालविण्याची तऱ्हाही वेगळी होती. तेथे ही चूक होत नसे. चाकांच्या कळीला लहानसे रबरी चाक व झडपांच्या कळीला पाचरीसारखे टोक बसविणे, एवढाच उपाय त्यांनी सुचविला. पॉल फिट्स व आर. ई. जोन्स यांनी १९४७ मध्ये वैमानिकांच्या ४६० चुकांचे विश्लेषण केले, त्यांत सु. निम्म्या चुका एका नियंत्रकाऐवजी दुसरा हाताळल्याच्या होत्या. आपल्या अहवालाच्या शीर्षकात त्यांनी ‘वैमानिकाची चूक’ हे शब्द अवतरणचिन्हांत घातले, हे सूचक आहे.

कार्यसंपादनाच्या स्तरांची कल्पना डेन्मार्कच्या रीसो येथील अणुसंशोधन केंद्रातील येन्स रासमुसेन (१९२६–२०१८) यांची. इलेक्ट्रॉनिक उपकरणांतील बिघाड शोधणाऱ्या तंत्रज्ञांना त्यांनी काम करताना मोठ्याने विचार बोलावयास सांगितले व त्या नोंदींवरील निबंध १९७४ मध्ये प्रसिद्ध केला. त्यातून पुढे विकसित होऊन १९८३ मध्ये मांडल्या गेलेल्या वर्गीकरणात तीन स्तर आहेत. कौशल्याधिष्ठित स्तरावर सरावाची कृती विशेष लक्ष न देता आपोआप चालते. नियमाधिष्ठित स्तरावर परिस्थिती ओळखून ‘असे असेल तर तसे करावे’ हा शिकलेला नियम लावला जातो. नियमच उपलब्ध नसेल, तर ज्ञानाधिष्ठित स्तरावर मूळ तत्त्वांपासून विचार करावा लागतो. तो संथ, कष्टाचा आणि घाईच्या वेळी फसवा असतो. ब्रिटिश मानसशास्त्रज्ञ जेम्स रीझन यांनी १९९० मध्ये प्रमादांचे प्रकार या स्तरांशी जोडले : स्खलन व विस्मरण हे पहिल्या स्तरावरचे, तर निर्णयदोष उरलेल्या दोन स्तरांवरचे. स्खलन हा नवशिक्याचा नव्हे, तर निष्णाताचा दोष होय. नवशिक्याचे लक्ष अजून हातांवरच असते.

या भेदाचे महत्त्व अमेरिकेतील थ्री माइल आयलंड अणुवीज केंद्रातील २८ मार्च १९७९ च्या अपघातावरून ध्यानात येते. पहाटे एक दाबमोचक झडप उघडी अडकली व अणुभट्टीतील पाणी निसटू लागले. नियंत्रण फलकावरील दिवा मात्र झडप बंद करण्याची आज्ञा गेली एवढेच दाखवी. झडप प्रत्यक्षात बंद झाली की नाही, हे नव्हे. दाबनियंत्रक टाकी पाण्याने पूर्ण भरू देऊ नये, असे कर्मचाऱ्यांच्या मनावर बिंबविलेले होते. टाकीतील पातळी चढताना पाहून त्यांनी आपत्कालीन पाण्याचा प्रवाह कमी केला आणि अणुभट्टीचा सु. अर्धा गाभा वितळला. हे हाताचे स्खलन नव्हते. शिकविलेला नियम भलत्या प्रसंगी निष्ठेने पाळला गेला होता. अशा वेळी ‘अधिक लक्ष द्या’ असे बजावणे निरर्थक ठरते. २४ सप्टेंबर १९७७ रोजी ओहायओतील डेव्हिस-बेसी केंद्रात हाच बिघाड झाला होता व तेथेही पाणी असेच कमी करण्यात आले होते. मात्र उघडी झडप सु. वीस मिनिटांत लक्षात आली. तो अनुभव थ्री माइल आयलंडच्या कर्मचाऱ्यांपर्यंत पोहोचला नाही. केमेनी आयोगाने ऑक्टोबर १९७९ च्या अहवालात कर्मचाऱ्यांच्या कृतींबरोबरच प्रशिक्षण, कार्यसूचना व नियंत्रण कक्षाची रचना यांवरही ठपका ठेवला.

वैद्यकात हा विचार उशिरा रुजला. रुग्णालयांतील टाळता येण्याजोग्या प्रमादांमुळे अमेरिकेत दरवर्षी ४४,००० ते ९८,००० मृत्यू होत असावेत, असा अंदाज तेथील वैद्यक संस्थेने १९९९ मध्ये प्रसिद्ध केला. त्याआधी, १९९८ मध्ये, रुग्णालयांना मान्यता देणाऱ्या तेथील मंडळाने तीव्र पोटॅशियम क्लोराइडाच्या कुप्या वॉर्डांतून हलविण्याची शिफारस केली होती. या कुप्या इतर निरुपद्रवी द्रावांच्या कुप्यांसारख्याच दिसत व त्यांच्याशेजारीच ठेवलेल्या असत.