पत्री

बैल लांबच्या वाटेला जुंपायचा तर त्याला पत्री मारावी लागते. नालबंद दोराने पाय आवळून बैलाला आडवा पाडतो, खूर तासतो आणि लोखंडी पत्री खिळ्यांनी ठोकतो. बैलाचा खूर दुभंगलेला, म्हणून एका पायाला दोन पत्र्या. इस्लामपूरच्या आसपास हे दृश्य कुणाला नवीन नव्हते.

10 सप्टेंबर 1942 रोजी इस्लामपुरात मोर्चावर गोळीबार झाला, माणसे मेली. पुढे याच वाळवे तालुक्यातल्या येडे मच्छिंद्रचे क्रांतिसिंह नाना पाटील यांच्या नेतृत्वाखाली इंग्रजांच्या राज्याला समांतर असे प्रतिसरकार उभे राहिले. गावात न्यायदान मंडळे, कमी खर्चाचे गांधी-विवाह, दारूबंदी, आणि हत्यारबंद तुफान सेना. शेणोलीजवळ 1943 मध्ये त्यांनी पगाराची रेल्वेही लुटली.

गावगुंड, दरोडेखोर आणि पोलिसांचे खबरे यांना शिक्षा ठरलेली: पाय बांधून तळव्यांवर काठीचे फटके. ते पाहून लोकांना नालबंदाचा बैल आठवला. ‘प्रति’मधले जोडाक्षर खेड्यातल्या जिभेला तसेही जड. प्रतिसरकारचे पत्रीसरकार झाले. तळपायाला खरेच लोखंड ठोकतात, ही वदंता त्या नावानेच पसरवली असावी. दहशत मात्र खरी होती. सावकारी आणि गुंडगिरीने पिचलेल्या माणसाला त्या दहशतीचा आधार वाटला, हे मला मान्य आहे. पण वकील नाही, अपील नाही, आणि खबऱ्या म्हणून चुकीच्या माणसाकडे बोट दाखवले गेले तर? स्वातंत्र्यसैनिकांबद्दल पूर्ण आदर ठेवूनही हा प्रश्न विचारलाच पाहिजे.