मागणीप्रमाणे गाणी

‘मागणीप्रमाणे लिहितो तो कसला कवी?’ असं गीतकाराला नेहमी ऐकवलं जातं. जगदीश खेबुडकरांचं आयुष्य हेच त्याला उत्तर आहे.

कोल्हापूर जिल्ह्यातल्या हळदी गावी १९३२ साली ते जन्मले. १९४८मध्ये गांधीहत्येनंतरच्या जाळपोळीत त्यांचं राहतं घर जळालं. पोरगं सोळाव्या वर्षात होतं. त्या राखेपाशी त्यानं पहिली कविता लिहिली. ती सूड मागणारी नव्हती. माणुसकीसाठी रडणारी होती. पुढे ते शिक्षक झाले. ‘रंगल्या रात्री अशा’ (१९६२)पासून चित्रपटगीतं सुरू झाली.

हे काम कारागिराचं. निर्माता प्रसंग सांगतो, संगीतकार चाल ऐकवतो. मात्रा न मोडता शब्द बसवायचे आणि ते त्या पात्राच्याच तोंडचे वाटायला हवेत. ‘साधी माणसं’(१९६५)साठी खेबुडकर लोहाराच्या भात्यापाशी बसले, ‘पिंजरा’(१९७२)साठी तमाशाच्या फडात शिरले, ‘अष्टविनायक’(१९७९)साठी गणेशभक्त झाले. तीनशेवर चित्रपटांसाठी त्यांनी लिहिलं. दुसऱ्याच्या काळजात शिरल्याशिवाय हे जमत नाही. ज्याचं घर जमावानं जाळलं, त्यानं जन्मभर गर्दीच्या ओठांवर शब्द ठेवले.

३ मे २०११ रोजी ते गेले. आमच्या वाशीम-रिसोडकडे गणेशोत्सवात त्यांचं अष्टविनायकांचं गाणं आजही लागतं. मांडवात कवीचं नाव कुणी विचारत नाही. गाणं मात्र आमच्या मोहल्ल्यातल्या पोरांनाही पाठ आहे.