गिरणगावातील लोकप्रिय संगीत

परळ, लालबाग, काळाचौकी, शिवडी, नायगाव, डिलाईल रोड, वरळी आणि भायखळ्याचा काही भाग मिळून झालेल्या मुंबईतील कापडगिरण्यांच्या वस्तीला गिरणगाव म्हणतात. कावसजी नानाभाई दावर यांची सूतगिरणी 1856 मध्ये ताडदेवला सुरू झाली आणि पुढे गिरण्या वाढत गेल्या, तसे कोकणातून आणि घाटावरून कामगार येत राहिले. त्यांनी गावाकडच्या गायनप्रकारांना चाळीत, गिरणीच्या दारात आणि तमाशाच्या थिएटरात जे रूप दिले, ते या नोंदीचा विषय आहे. अमेरिकेतील डेट्रॉईट या मोटारींच्या शहरात, काही काळ मोटार कारखान्यात काम केलेल्या बेरी गॉर्डी यांनी 1959 मध्ये ध्वनिमुद्रिकांची कंपनी काढली आणि तिच्या ‘मोटाऊन’ या नावानेच तेथील संगीत जगभर ओळखले गेले. गिरणगावात असे काही घडले नाही. येथील गाणे समोर बसलेल्या समुदायासाठी रचले जाई आणि ध्वनिमुद्रण फार थोड्याचे झाले. म्हणून त्याचा इतिहास हा मुख्यतः फड, जलसे, कलापथके आणि भजनी मंडळे यांचा इतिहास आहे.

कोकणी प्रकार : रत्नागिरीकडील चाकरमान्यांनी जाखडी अथवा बाल्या नाच आणि त्याच्याशी जोडलेला शक्ती-तुरा मुंबईत आणला. यात शक्तीची थोरवी गाणारा आणि शिवाची थोरवी गाणारा असे दोन पक्ष एकमेकांना सवाल टाकतात आणि पायांत घुंगरू बांधलेले नाचे मृदंगाच्या ठेक्यावर फेर धरतात. भजनातील ‘डबल बारी’ हीदेखील अशीच जुगलबंदी असून, तीत दोन बुवा आपापला पखवाजवाला आणि झांजवाले घेऊन समोरासमोर बसतात. बुवा स्वतः पेटी वाजवत अभंग, गौळण आणि गजर म्हणतो. मध्येच प्रतिपक्षाला चिमटा काढतो, त्याची परतफेड पुढच्या बारीत होते, आणि गाजलेल्या चित्रपटगीताची चाल अभंगाला लावण्यात कोणालाही संकोच वाटत नाही. अभिजात संगीताच्या अभ्यासकांनी या प्रकाराकडे केलेले दुर्लक्ष समर्थनीय नाही.

तमाशा : घाटावरील कामगारांचा ओढा तमाशाकडे होता. रेठरे हरणाक्ष येथील श्रीधर कृष्ण कुलकर्णी ऊर्फ पठ्ठे बापूराव (1866–1945) यांचा, पवळा या कलावतीसह असलेला फड मुंबईत अत्यंत लोकप्रिय झाला. पुढील काळात मधुकर नेराळे यांनी चालवलेले लालबागचे हनुमान थिएटर हे फडांचे महत्त्वाचे ठिकाण होते.

शाहिरी : गिरणगावाचे स्वतःचे म्हणता येईल असे संगीत शाहिरीतच घडले. वाळवे तालुक्यातील वाटेगावचे अण्णा भाऊ साठे (1920–1969), बार्शीचे अमर शेख (1916–1969, मूळ नाव मेहबूब हुसेन पटेल) आणि द. ना. गव्हाणकर यांनी 1944 मध्ये ‘लाल बावटा कलापथक’ उभे केले. गिरणीच्या दारात पाळी सुटण्याच्या वेळी होणारी सभा, म्हणजे गेटसभा, हे या पथकाचे एक प्रमुख व्यासपीठ होते. डफ, ढोलकी, तुणतुणे आणि झांज एवढ्या वाद्यांवर आणि मागे धरणाऱ्या झीलकऱ्यांच्या बळावर, ध्वनिक्षेपक असो वा नसो, उभ्या गर्दीला थांबवून ठेवायचे असल्याने चढा स्वर, आखूड चरण आणि ताबडतोब पकडता येईल असे ध्रुपद ही या रचनांची लक्षणे ठरली. 1940 च्या दशकाच्या अखेरीस मुंबई सरकारने तमाशावर निर्बंध घातले, त्यानंतर अण्णा भाऊंनी आपल्या वगांना ‘लोकनाट्य’ म्हटले. मात्र त्यांनी केलेला बदल नावापुरता नव्हता : आरंभीच्या गणात गणपतीऐवजी मातृभूमी, हुतात्मे आणि श्रमिक यांना वंदन आले, कृष्ण-गौळणींचा भाग गळाला आणि वगाचा नायक कामगार किंवा शेतकरी झाला. ‘अकलेची गोष्ट’, ‘देशभक्त घोटाळे’ आणि ‘माझी मुंबई’ ही त्यांची प्रसिद्ध लोकनाट्ये होत.

संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीत (1956–60) ही शाहिरी गिरणगावाबाहेर राज्यभर पोहोचली. गावी राहिलेल्या पत्नीच्या विरहाची लावणी म्हणून सुरू होणारी अण्णा भाऊंची ‘माझी मैना गावावर राहिली’ ही छक्कड बेळगाव, कारवार, डांग आणि उंबरगाव यांच्या ताटातुटीपर्यंत जाते. चाकरमान्याचे खाजगी दुःख आणि भाषिक राज्याची मागणी एका चालीत बसवणारी याहून सरस रचना या परंपरेत नाही.  

कृष्णराव ऊर्फ शाहीर साबळे (1923–2015) हे पसरणी (ता. वाई) येथील. त्यांच्या ‘आंधळं दळतंय’ (1966) या मुक्तनाट्याचा शिवसेनेच्या उदयाशी संबंध जोडला जातो. तो कितपत होता याविषयी मतभेद आहेत. राजा बढे यांनी लिहिलेले, श्रीनिवास खळे यांनी स्वरबद्ध केलेले आणि साबळे यांनी गायलेले ‘जय जय महाराष्ट्र माझा’ हे 2023 मध्ये राज्यगीत झाले.

आंबेडकरी गायन : सत्यशोधक जलशांच्या धर्तीवर 1930 च्या दशकात भीमराव कर्डक आदींचे आंबेडकरी जलसे सुरू झाले. वामनदादा कर्डक (1922–2004) शिवडीच्या बीडीडी चाळीत राहत असताना प्रौढ वयात अक्षरे शिकले आणि पुढे त्यांनी असंख्य भीमगीते रचली. नायगावचे विठ्ठल उमप (1931–2010) यांनी भीमगीत, कोळीगीत आणि पोवाडा हे सर्व प्रकार हाताळले. भीमगीते आणि भक्तिगीते दोन्ही गाणारे प्रल्हाद शिंदे (1933–2004) यांच्यापासून या गायनाचा पसारा ध्वनिमुद्रिका आणि कॅसेटच्या बाजारात वाढला.

स्त्रियांची गाणी : ओव्या आणि फुगडीची गाणी चाळींतून म्हटली जात.

संस्था आणि ऱ्हास : ना. म. जोशी यांनी 1911 मध्ये स्थापन केलेल्या सोशल सर्व्हिस लीगचे परळ येथील दामोदर नाट्यगृह (1922) हे कामगार रंगभूमीचे आणि शक्ती-तुऱ्याचे हक्काचे ठिकाण होते. 1953 च्या कायद्याने निर्माण झालेल्या कामगार कल्याण मंडळाने नाट्य व भजन स्पर्धांना आश्रय दिला. 18 जानेवारी 1982 रोजी दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख कामगारांचा संप सुरू झाला आणि तो औपचारिकरीत्या मागे न घेताच विरून गेला. गिरण्या बंद पडत गेल्या, तशी गेटसभेची शाहिरी आपल्या श्रोत्यांनाच मुकली. भजन आणि शक्ती-तुरा यांचे तसे झाले नाही, कारण त्यांची मंडळे गिरणीवार नसून गाववार होती. चाकरमानी विरार, डोंबिवली, दिव्याकडे गेले आणि बाऱ्याही त्यांच्याबरोबर गेल्या. दामोदर नाट्यगृह 2023 च्या अखेरीस पुनर्विकासासाठी बंद करण्यात आले.