तुळजापुरातील अर्धवट राहिलेला तपास

१/५
पोलीस अधिकाऱ्यांना शिकवणारी शाळा पुण्याजवळ भांबुर्ड्यात १९०६ साली निघाली. पुढे ती नाशिकला गेली. त्याच्या सुमारे ऐंशी वर्षे आधी, विशीही न गाठलेला एक इंग्रज तरुण तुळजापुरात राहून निजामाच्या नैर्ऋत्य जिल्ह्यांतील पोलिसांचा कारभार पाहत होता.

२/५
फिलिप मेडोज टेलर १८२४ मध्ये मुंबईत आला, तो एका व्यापाऱ्याकडे नोकरीसाठी. तो व्यापारीच डबघाईला आलेला; मग टेलर निजामाच्या फौजेत शिरला. पोलिसी कामाचे शिक्षण त्याला कोणीही दिले नव्हते. हिंदुस्थानी आणि मराठी मात्र त्याने मन लावून आत्मसात केल्या. दुभाष्यावाचून रयतेचे गाऱ्हाणे समजणे, हेच त्याचे प्रशिक्षण.

३/५
अशात रस्त्यांच्या कडेला गळा आवळून मारलेल्या वाटसरूंची प्रेते सापडू लागली. एकाचीही ओळख पटेना. टेलर माग काढत असतानाच १८२९ मध्ये निजाम सिकंदर जाह निवर्तला. नवा निजाम नासिर-उद्-दौला याला जिल्ह्यांत इंग्रज अधिकारी नको होते. गव्हर्नर जनरल बेंटिंकने ते मान्य केले. टेलरला पलटणीत परतावे लागले. मुलखाची जी ओळख त्याने कमावली होती, ती कोणत्याही नियमपुस्तकात नव्हती. ती त्याच्याबरोबरच गेली.

४/५
ठगांचा छडा लावल्याचे श्रेय पुढे स्लीमनला मिळाले. आपल्याला राहू दिले असते तर तो मान आपला होता, अशी खंत टेलरने आत्मचरित्रात नोंदवली आहे. (अर्थात या दाव्याचा साक्षीदार तो स्वतःच!) त्याच्या वाट्याला आली ती ठगाच्या कबुलीजबाबावरची १८३९ ची कादंबरी.

५/५
१८५३ च्या तहाने नळदुर्ग जिल्हा इंग्रजांकडे आला आणि टेलर तेथे उपायुक्त म्हणून परतला. भाषा येत होती, वाटा ठाऊक होत्या. १८५७ मध्ये त्याची वऱ्हाडात बदली झाली. १८६० मध्ये जिल्हाच निजामाला परत मिळाला.