विहिरी थांबल्या, नळ थांबला नाही

इतिहासाच्या वर्गात मी मुलांना सांगतो, किल्ल्यांइतकंच वाटांकडेही बघा. माल कुठून निघाला आणि कुठे पोहोचला हे कळलं, की सत्ता कुणाची होती हेही कळतं. आज मी अशाच एका वाटेविषयी बोलणार आहे. ती लोखंडी आहे आणि तिच्यातून खनिज तेल वाहतं.

पश्चिम आफ्रिकेत नायजर नदी समुद्राला मिळते तिथे खाड्यांचं जाळं आहे. आपल्या कोकणासारखीच तिथे कांदळवनं आहेत. त्यांच्या मुळांशी मासे, खेकडे वाढतात आणि त्यांवर गावं जगतात. १९५६ साली तिथल्या ओलोइबिरी गावी तेल सापडलं. दोन वर्षांत निर्यात सुरू झाली. शेतांतून, खाड्यांतून नळ समुद्राकडे निघाले.

याच भागातल्या ओगोनी लोकांनी १९९० साली चळवळ उभारली. लेखक केन सारो-विवा तिचे नेते. तेलातला न्याय्य वाटा द्या, आमची जमीन राखा, ही मागणी. १९९३ मध्ये शेल कंपनीने तिथलं उत्पादन बंद केलं. १० नोव्हेंबर १९९५ रोजी लष्करी राजवटीने सारो-विवा आणि त्यांच्या आठ साथीदारांना फाशी दिली.

विहिरी थांबल्या, पण दुसरीकडचं तेल वाहून नेणारा मोठा नळ ओगोनींच्या भूमीतून वाहतच राहिला. २००८ मध्ये बोडो गावाजवळ तो दोनदा फुटला. भरतीबरोबर तेल खाडीत शिरलं आणि चिखलात मुरलं. त्या चिखलात हवा नसते, म्हणून तेलाचं विघटन फार सावकाश होतं. कांदळवन वठलं, मासेमारी बसली. पुढे नळ फोडून तेल चोरणाऱ्यांनी आणि झाडीतल्या बेकायदा भट्ट्यांनी त्यात भर घातली.

२०११ साली संयुक्त राष्ट्रांच्या पर्यावरण कार्यक्रमाने अहवाल दिला. एका वस्तीच्या पिण्याच्या पाण्यात बेन्झीन हे कर्करोगकारक द्रव्य जागतिक आरोग्य संघटनेच्या मर्यादेच्या ९०० पटींहून अधिक होतं. सगळा प्रदेश सावरायला २५ ते ३० वर्षं लागतील, असा त्यांचा अंदाज होता. २०१५ मध्ये बोडोच्या लोकांना साडेपाच कोटी पौंडांची भरपाई मंजूर झाली.

पैसा मिळाला, हे चांगलंच झालं. पण २००८ साली दहा वर्षांचा असलेला कोळ्याचा मुलगा खाडी स्वच्छ होईतो चाळिशीला पोहोचेल. जाळं टाकायला तो कुठे शिकणार? भरपाईच्या हिशोबात या प्रश्नाला रकाना नसतो. म्हणून नळ टाकतानाच विचारायला हवं, तेल ज्यांच्या दारावरून जाणार, त्यांना कुणी विचारलं आहे का?